जीव घेतलेली वस्तू

माझी लेक बेळगावला वकिली करते. भांडायची हौस तिनं माझ्याकडून घेतली आणि त्या हौसेवर पोट भरायची अक्कल तिच्या बापाकडून. मी जन्मभर हायस्कुलात पोरांना इंग्रजी शिकवलं, त्यामुळं अधूनमधून फोन करून माझी परीक्षा घ्यायचा तिला नाद आहे. परवा दुपारी जेवून जरा आडवी होत होते, तर हिचा फोन. “आई, डिओडँड म्हणजे काय गं?” मी म्हटलं, असला शब्दच नाही. “आहे.” मग कुणी वापरत नसेल. “वापरत नाहीत म्हणूनच तर तुला विचारलं,” म्हणाली आणि खिदळली. आईशी बोलायची ही रीत! फोन ठेवूनच देणार होते, पण शब्द कानात अडकून बसला होता. म्हटलं, सांग बाई, काय ते एकदाचं सांगून टाक आणि मला झोपू दे.

तिनं सांगितलं ते असं. इंग्लंडात फार पूर्वी एक कायदा होता. एखाद्या वस्तूनं किंवा जनावरानं माणसाचा जीव घेतला, तर ते मालकाकडं ठेवायचं नाही. लाथ मारणारा घोडा असो, अंगावर कोसळलेला ओंडका असो, नाहीतर पोर पडून मेलं ती पाण्याची कढई असो. राजानं ती वस्तू, नाहीतर तिची किंमत, काढून घ्यायची आणि धर्माच्या कामाला लावायची. त्या वस्तूला म्हणायचं डिओडँड. शब्द मूळचा लॅटिन, अर्थ ‘देवाला द्यायचं’. पंच बसायचे आणि नक्की कशानं जीव घेतला ते ठरवायचे. चालत्या गाडीखाली माणूस सापडला तर घोड्यांसकट गाडी द्यायची, पण उभ्या गाडीवर चढताना चाकावरून घसरून मेला तर नुसतं चाक. पुढं आगगाड्या आल्या, माणसं मरायला लागली, कंपन्यांना हे जड जायला लागलं आणि कायदाच रद्द झाला. आता हा शब्द जुन्या कायद्यावर लिहिलेल्या जाड पुस्तकांत तेवढा उरलाय. “काय येडे लोक होते ना, आई?” लेक म्हणाली. मी गप्प राहिले. मी गप्प राहिले की माझी लेक घाबरते. “आई, काय झालं?” मी म्हटलं, “असले येडे लोक मी डोळ्यांनी बघितलेत. तुला भोऱ्याचं कधी सांगितलं नाही मी.” मग त्या दिवशी तिला फोनवर सांगितलं आणि आता इथं लिहिते आहे.

काळी नदीच्या खोऱ्यात, गुंद नावाच्या गावाच्या अलीकडं, डोंगराच्या पोटात आमचं गाव. चार घरं इथं, चार पलीकडच्या उतारावर, मध्ये भाताची खाचरं आणि बाकी सगळं रान. गावाच्या वरच्या अंगाला देवाचं राखलेलं रान होतं. तिथली वाळकी काटकीसुद्धा कुणी चुलीत घालत नसे. आत, देवाच्या दगडापासून जरा बाजूला, एका थोराड झाडाच्या मुळांमध्ये गावानं देवाला दिलेल्या वस्तू पडलेल्या असायच्या. कुणी फास घेतला ते दावं, दारू ठासताना फुटलेली बंदूक, काळी नदीत उलटलेल्या होडीच्या फळ्या. माणसाचा जीव घेतलेली वस्तू घरात ठेवायची नाही, विकायची नाही, मोडून दुसरं काही करायचं नाही. ठेवली तर ती आणखी एक जीव मागते, असं मानायचे. माझ्या लहानपणी एका म्हाताऱ्याच्या डोक्यात फणस पडला आणि म्हातारा जागेवर गेला. आता द्यायचं काय, यावरून गाव कडाकडा भांडलं. कोण म्हणे फणस द्या, कोण म्हणे झाडच तोडून द्या. म्हाताऱ्याचा लेक रडता रडता म्हणाला, झाड तोडलं तर आम्ही खायचं काय? शेवटी ती एक फांदी दिली. हे ऐकून माझी लेक फोनवर पोट धरून हसली. हस म्हटलं, हसून घे.

जनावराचं मात्र वेगळं होतं. माणूस मारलेलं जनावर देवाच्या रानाच्या तोंडाशी कापायचं आणि मांससुद्धा कुणी खायचं नाही. त्याआधी त्याचं दावं मेलेल्याच्या सगळ्यात जवळच्या माणसानं आपल्या हातानं गावकराच्या हातात द्यायचं. गावकर म्हणजे आमच्या गावचे म्हातारे प्रमुख, त्यांच्या शब्दाबाहेर कुणी जात नसे. दावं असं हातानं दिलं तरच देव घेतो, ओढून नेलेलं घेत नाही.

आमच्या घरात आम्ही पाच माणसं. आप्पा म्हणजे माझे वडील, आई, मी, आप्पांचा धाकटा भाऊ शिवाकाका आणि काकी. काकी खानापूरकडची, उंच, हाडापेरानं मजबूत, आणि हाताला अशी चव की नुसती लाल मुंग्यांची चटणी आणि नाचणीची भाकरी तिनं पुढं केली तरी मी पुन्हा ताट पुढं करायची. कंद उकडावेत तर काकीनं. पावसाळ्यात चुलीवर टांगलेली सुकी मासळी ती निखाऱ्यावर टाकायची आणि घरभर वास सुटायचा. काकीला मूल झालं नाही. एका साली वाघानं म्हैस नेली आणि मागं राहिलेलं भुरकट रेडकू काकीनं बोटानं पेज चाटवून जगवलं. तोच भोऱ्या. तो वाढून आडदांड रेडा झाला, औताला लागला, तरी काकी दिसली की मान पुढं करून उभा राहायचा. काकी त्याच्या कपाळावरच्या गोचिडी काढायची आणि माझ्याशी बोलावं तसं त्याच्याशी बोलायची. मला राग यायचा. मी म्हणायची, मी मोठी की भोऱ्या मोठा? काकी म्हणायची, “तू शाळंला जातीस. त्यो कुटं जातोय, बिचारा?”

आणि घरात एक आवाज होता. काकानं भरीव वेळूची पराणी केली होती, टोकाला लोखंडी खिळा आणि वरच्या अंगाला पितळी कड्या. औत हाकताना रेड्याला टोचायची ती पराणी. औत नसे तेव्हा ती दाराच्या मागं टांगलेली असे. काका रानात लाकडं तोडायच्या कामावरून दारू पिऊन आला की आधी तो दाराच्या मागं हात घालायचा. कड्या छुनछुन वाजायच्या. तेवढा आवाज आला की आई मला ओढून परसात न्यायची आणि मोठ्यानं भांडी घासायला लागायची. आप्पा उठून अंगणात जायचे आणि नसलेलं काम काढून बसायचे. आत काकी ओरडत नसे. नुसत्या कड्या वाजत राहायच्या. दुसऱ्या दिवशी ती पाठ भिंतीकडं करून बसायची आणि मला म्हणायची, डोक्याला तेल लावून दे गं शांते, हात वर होईना. मला तो काका आवडत नसे, असं मवाळ लिहायचं वय माझं गेलं. तो मेला तर बरं, असं मी रोज देवाजवळ मागायची.

ते घडलं त्या दिवशी खाचरांत चिखलणी चालली होती. आप्पा वरच्या खाचराचा फुटलेला बांध घालत होते, काका खालच्या खाचरात औत धरून होता. पाऊस सारखा लागलेला. काकी पेजेची घागर डोक्यावर घेऊन पुढं आणि मी मागं चटणी-मासळी घेऊन, अशा आम्ही बांधावरून येत होतो. लांबूनच कड्या ऐकू आल्या. भोऱ्या चिखलात बसला होता आणि काका त्याच्या शेपटीच्या बुडात पराणी खुपसत होता. खुपसायचा, फिरवायचा, बाहेर काढायचा. चिखलाच्या पाण्यात रक्ताची लाल रेघ पसरत होती. जोडीचा दुसरा रेडा जुवाखाली मान वाकडी करून थरथरत उभा होता. काकानं सकाळपासूनच ढोसलेली होती हे त्याच्या पायांवरून कळत होतं.

काकीनं घागर बांधावर ठेवली. “नका मारू,” ती म्हणाली, “दमलाय त्यो.” स्वतः इतकी वर्षं मार खाल्ला, तेव्हा तिनं एवढंही कधी म्हटलं नव्हतं. काका वळला आणि त्यानं दोन्ही हातांनी पराणी तिच्यावर घातली. पहिला तडाखा कानशिलावर बसला. ती आडवी झाली तेव्हा खिळा खांद्यात घुसला आणि त्यानं तो खाली ओढला. चोळी फाटली आणि त्याखालचं कातडंही. मी किंचाळले. माझ्या हातातलं सगळं चिखलात गेलं. “रेड्याची कड घेतीस व्हय गं? आदी ह्याला बघतो, मग तुला बघतो,” असं म्हणत काकानं भोऱ्याला जुवातून सोडवलं. बांधावरच्या झाडाला आवळून त्याला मारायचं, ही त्याची नेहमीची पद्धत होती. भोऱ्या उठला. काकानं त्याच्या डोळ्याशेजारी पराणी मारली आणि भोऱ्यानं मान खाली घातली.

शिंग बरगडीच्या खालून आत गेलं. काकाला त्यानं पाण्याच्या कळशीसारखा वर उचलला आणि आपटला. परत शिंग घातलं, परत आपटला, मग पुढचे दोन्ही पाय छातीवर. हाडं मोडल्याचा आवाज मला बांधावर ऐकू आला. काका ओरडत होता, पण तोंड चिखलात असल्यामुळं बुडबुडे तेवढे येत होते. मी दगडासारखी उभी. आणि काकी, जिची पाठ आत्ता फाडली होती ती काकी, उठून सरळ शिंगाखाली धावली. “भोऱ्याऽ!” म्हणून तिनं जी हाक मारली ती वरच्या खाचरात आप्पांना ऐकू गेली. भोऱ्या थांबला, दोन पावलं मागं सरला. तिनं काकाचं डोकं चिखलातून वर काढलं, तोंडातला चिखल बोटानं काढला. आप्पा आले, माणसं आली, फळीवर घालून काकाला डांबरी रस्त्यापर्यंत नेलं. जीप मिळायच्या आतच तो गेला. मला वाईट वाटलं नाही. आज म्हातारपणीसुद्धा वाटत नाही, आणि वाटायला हवं असं कुणी म्हटलं तर त्यानं माझ्या दारात येऊ नये.

काकाचं दिवसकार्य उरकलं आणि गाव भोऱ्याकडं वळलं. भोऱ्या देवाला द्यायचा, यात कुणालाच शंका नव्हती. दावं द्यायचं काकीनं, मूल नसल्यामुळं जवळचं माणूस तीच. काकी म्हणाली, मी देणार न्हाई. आधी बायका समजवायला आल्या, मग पुरुष आले. सगळ्यात जास्त पेटला होता संतू, काकाचा चुलत भाऊ आणि पिण्यातला जोडीदार. अंगणात उभा राहून तो रोज शिव्या घालायचा. “नवऱ्यापरास रेडा लाडका झाला हिला!” असं आणि याहून घाण, जे मी लिहीत नाही. मग निरोप आला की भोऱ्या दिल्याशिवाय लावणीला आमच्या खाचरात गावातलं एकही माणूस उतरणार नाही. आमच्याकडं लावणी सगळ्यांनी मिळून, एकेकाच्या खाचरात पाळीनं करायची. माणसं आली नाहीत तर रोपं जागेवर पिवळी पडणार आणि वर्षभर आम्ही काय खाणार? आईनं काकीचे पाय धरले. आप्पा आईला म्हणाले, “तिला म्हणावं, दे. जनावरच हाय शेवटी.” काकी आत होती, तिला ते ऐकू गेलं. सकाळी तिनं भोऱ्याला धुतलं, शिंगांना तेल लावलं आणि स्वतः दावं धरून देवाच्या रानाकडं निघाली. आम्हाला वाटलं, झालं, मानली एकदाची.

रानाच्या तोंडाशी गाव जमलं होतं. गावकर दगडावर बसले होते. संतू कुऱ्हाडीला धार लावूनच आला होता आणि अंगठ्यानं ती चाचपत होता. काकीनं भोऱ्याला झाडाला बांधलं आणि पदराखालून पराणी काढली. कड्या वाजल्या तशी मी आईच्या मागं लपले, इतकी सवय. तिनं पराणी गावकरांच्या पायाशी ठेवली. “ही घ्या,” म्हणाली, “जीव हिनं घेतलाय.”

“हिनं कसा?” गावकर म्हणाले. “शिंग रेड्याचं हुतं, पोरी. जखम सगळ्यांनी बगितलीया.”

“शिंग किती वर्सं हाय त्याला? कुणाला लागलं आजवर? तुमची पोरं त्याच्या पाठीवर बसून नदीवर जात्यात. ही त्याच्या डोळ्याशेजारी बसली म्हणून शिंग हाललं. ही हालली न्हसती तर ते हाललं न्हसतं.”

“बाईमाणूस काय बी बोलंल!” संतू ओरडला. “पराणी तर सगळ्यांच्याच घरात हाय. पराणीनं कोण मरतंय व्हय?”

थोरल्या दिरासमोर काकीनं कधी डोक्यावरचा पदर ढळू दिला नव्हता. घरात आप्पांशी तिला काही सांगायचं असलं तर ती मला सांगायची, मी आप्पांना. त्या दिवशी सगळ्या गावासमोर, आप्पांसमोर, तिनं पाठ फिरवली आणि पदर खाली टाकला. चोळी तिनं घातलीच नव्हती. खांद्यापासून कमरेपर्यंत बोट ठेवायला नीट जागा नव्हती. जुने व्रण पांढरे, त्यावरचे जांभळे, आणि सगळ्यांवर ती शेवटची जखम, अजून ओली. माणसांनी माना खाली घातल्या. बायका बघत राहिल्या. “पराणीनं कोण मरतंय, बगा,” काकी म्हणाली.

गावकरांनी आप्पांना विचारलं, “तू एका घरात ऱ्हातोस. खरं हाय हे?” आप्पा कधी कुणाशी चढ्या आवाजात बोलले नव्हते. “व्हय,” ते म्हणाले, “रोज ऐकलंय मी. ऐकलं की अंगणात जायचो.” आणि माझा बाप, तो थोरला दांडगा माणूस, सगळ्यांसमोर हमसून हमसून रडायला लागला. मला त्याची कीव आली आणि रागही आला. आजही दोन्ही येतात. गावकरांनी वाकून पराणी उचलली. “हीच द्यायाची,” ते म्हणाले. “रेडा घरला न्या. लावणीला माणसं येतील.”

काकीनं पदर सावरला आणि ती भोऱ्याचं दावं सोडायला वळली. तेवढ्यात संतू धावला. “माझा भाऊ मेला आणि काठी देताय व्हय रं, भाडखाऊ!” असं ओरडत त्यानं कुऱ्हाड घातली. भोऱ्या बांधलेला, त्याला हलायला जागा नव्हती. पहिला घाव मागच्या पायाच्या शिरेवर बसला आणि तो बसकन खाली आला. दुसरा मानेवर. माणसांनी संतूला धरेपर्यंत तिसराही बसला होता. त्याला खाली पाडून बडवलं, लाथा घातल्या, त्याचे दात पाडले. आप्पा, ते मगाशी रडणारे आप्पा, त्याच्या छातीवर बसून दोन्ही हातांनी त्याचं तोंड फोडत होते आणि त्यांना कुणी आवरत नव्हतं. तिकडं भोऱ्या हंबरत होता. रेडा असा हंबरतो हे मला ठाऊक नव्हतं.

काकी त्याच्या डोक्याशी बसली. त्याची मान तिनं मांडीवर घेतली. रक्त उसळ्या मारत तिच्या लुगड्यावर येत होतं आणि ती त्याचे कान चोळत होती. “आलीया मी, आलीया,” म्हणत होती. तो तिच्याकडं बघत होता. पेज चाटायचा तशी त्यानं जीभ बाहेर काढली, तिनं बोटं पुढं केली. मग ती मान वर करून, आयुष्यात पहिल्यांदा, थेट माझ्या बापाशी बोलली. “दादा, हाल व्हाय लागल्यात त्याचं. तुमी करा.” आप्पा संतूच्या छातीवरून उठले. त्यांचे हात लडबडलेले होते. त्यांनी कुणाचा तरी कोयता घेतला, देवाच्या दगडाकडं बघितलं आणि एका घावात संपवलं.

मला वाटलं, काकी आता हंबरडा फोडेल. तिनं भोऱ्याचं डोकं हळूच खाली ठेवलं, डोळे मिटवले आणि उठली. संतूची कुऱ्हाड चिखलात पडली होती, ती तिनं उचलली. माणसं दचकून मागं सरली, संतू तर रांगत झाडामागं गेला. तिनं त्याच्याकडं बघितलंसुद्धा नाही. कुऱ्हाड घेऊन ती देवाच्या रानात शिरली. गावकर पराणी हातात घेऊन तिच्या मागून गेले आणि मी त्यांच्या मागून. आत अंधार आणि गारवा होता, पानांवरून पाणी ठिबकत होतं. त्या झाडाच्या मुळांत, होडीच्या फळ्यांशेजारी गावकरांनी पराणी ठेवली. काकीनं तिच्या बाजूला कुऱ्हाड ठेवली, रक्तानं भरलेली होती तशीच.

गावकर अवघडले. हलक्या आवाजात म्हणाले, “पोरी, हितं माणसाचा जीव घेतलेलीच वस्तू ठेवत्यात.”

“व्हय,” काकी म्हणाली. “म्हणून तर आणली.”